औषधाच्या कपाटाची किल्ली कोणाकडे आहे ते आधी बघा

प्रश्न थोडक्यात असा आलाय: श्रीमंत देश गरीब देशांना लसी, औषधं, डॉक्टर, पैसा पाठवतात ते खरंच माणुसकीने, की आपलं वजन वाढवायला? आणि वजन वाढवायलाच असेल तर घेणाऱ्यांनी सरळ नाही म्हणून का सांगू नये?

मी वीसेक वर्षं परदेशी फंडिंगवर चालणाऱ्या आरोग्य कार्यक्रमांत काम केलंय, जास्त करून एचआयव्ही आणि टीबी, मधली काही वर्षं लसीकरण. डोनरच्या बाजूने बसून रिपोर्ट मागितलेत आणि घेणाऱ्याच्या बाजूने बसून तेच रिपोर्ट रात्र रात्र जागून भरलेतही. त्यामुळे उत्तर लांबणार आहे, पण पहिल्या भागाचं आधीच सांगून टाकतो: दोन्ही, आणि एकाच वेळी दोन्ही. यातलं खरं कारण कोणतं या वादात एकदा शिरलं की माणूस तिथेच अडकतो.

पेपफार घ्या, म्हणजे परदेशात एड्सशी लढायचा अमेरिकन सरकारचा कार्यक्रम. जानेवारी २००३ मध्ये जॉर्ज बुश यांनी अमेरिकन संसदेसमोर जाहीर केलं की एड्ससाठी ५ वर्षांत १५ अब्ज डॉलर देणार. तेव्हा आफ्रिकेत एचआयव्हीची औषधं जवळपास कुणालाच मिळत नव्हती, निदान झालं म्हणजे घरी जाऊन मरायची वाट बघायची अशी परिस्थिती होती. पेपफारमुळे अडीच कोटी जीव वाचले असं अमेरिकन सरकार सांगतं, आणि ज्यांनी ते आधीचे वॉर्ड बघितलेत त्यांना हा आकडा फुगवलेला वाटत नाही. मलाही वाटत नाही. पण त्याच कायद्यात दोन अटी होत्या. एक, प्रतिबंधासाठीच्या पैशातला एक तृतीयांश भाग लग्नापर्यंत संयम पाळा या प्रचारावर खर्च करायचा. दुसरी, पैसे घेणाऱ्या संस्थेने आमचा वेश्याव्यवसायाला विरोध आहे असं लिहून द्यायचं. आता एचआयव्ही रोखायचा तर सेक्स वर्कर बायकांचा विश्वास मिळवल्याशिवाय एक पाऊल पुढे जाता येत नाही, हे या कामातल्या पोराटोरांना पण माहीत असतं. ब्राझीलने २००५ मध्ये या अटीवरून ४ कोटी डॉलर नाकारले, कारण त्यांच्या कार्यक्रमात या बायका बरोबरीने काम करत होत्या. ब्राझीलला ते जमलं कारण औषधांचा खर्च ते स्वतः करत होते, हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. त्या अटीचं पुढे काय झालं, तर २०१३ मध्ये अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टाने सांगितलं की अमेरिकन संस्थांवर अशी सक्ती करता येणार नाही, आणि २०२० मध्ये त्याच कोर्टाने सांगितलं की हे संरक्षण परदेशातल्या संस्थांना नाही. म्हणजे तो कागद फक्त गरीब देशातल्या संस्थांनी सही करायचा राहिला.

तसंच मेक्सिको सिटी पॉलिसीचं. १९८४ मध्ये रेगन यांच्या काळात सुरू झाली: जी परदेशी संस्था गर्भपाताची सेवा किंवा नुसता सल्ला देईल, अगदी स्वतःच्या दुसऱ्या पैशातून का होईना, तिला अमेरिकेचा कुटुंबनियोजनाचा पैसा नाही. तेव्हापासून रिपब्लिकन अध्यक्ष आला की लागू, डेमोक्रॅट आला की रद्द. १९९३ ला रद्द, २००१ ला लागू, २००९ ला रद्द, २०१७ ला परत लागू आणि तेव्हा तर सगळ्याच आरोग्य मदतीला लावली, २०२१ ला रद्द, २०२५ ला परत लागू. एखाद्या क्लिनिकमध्ये तांबी बसवायला येणाऱ्या बाईने अमेरिकेच्या निवडणुकीत कधी मत दिलं नाही आणि देणारही नाही, पण तिचं क्लिनिक उघडं राहणार का बंद होणार हे तिथे ठरतं. आणि परिणाम काय झाला? आफ्रिकेतल्या २६ देशांच्या आकडेवारीवरचा एक अभ्यास २०१९ मध्ये लॅन्सेट ग्लोबल हेल्थ या मेडिकल जर्नलमध्ये आला होता, त्यात दिसलं की ही पॉलिसी लागू असताना, ज्या देशांना तिची झळ जास्त लागली तिथे, गर्भनिरोधकं वापरणाऱ्या बायका कमी झाल्या आणि गर्भपात साधारण ४० टक्क्यांनी वाढले. ज्या गोष्टीला विरोध म्हणून अट घातली तीच वाढली.

पण अटी निदान कागदावर दिसतात. त्या वाचता येतात, त्यावर भांडता येतं. मला जास्त काळजी वाटते ती न लिहिलेल्या गोष्टीची, म्हणजे थांबवायचा अधिकार कोणाकडे आहे त्याची.

एक प्रसंग सांगतो, देश आणि डोनर दोन्हीची नावं मुद्दाम टाळतोय. एका जिल्ह्याच्या दवाखान्यात एचआयव्हीची ओपीडी आमच्या प्रोजेक्टवर चालायची. इमारत सरकारची, डॉक्टर सरकारचा, पण फार्मासिस्ट, काऊन्सेलर आणि डेटा एंट्रीचा मुलगा प्रोजेक्टच्या पगारावर. दोन सरकारांचं कशावरून तरी बिनसलं, आरोग्याशी त्याचा काडीचाही संबंध नव्हता, आणि एका शुक्रवारी मेल आला की पुढची सूचना येईपर्यंत काम थांबवा, प्रोजेक्टच्या साठ्याला हात लावू नका. सोमवारी मी तिथे पोचलो तेव्हा स्टीलच्या कपाटात तीन महिन्यांच्या गोळ्या होत्या, काचेतून बाटल्यांच्या रांगा दिसत होत्या, आणि किल्ली फार्मासिस्टकडे, ज्याचं कॉन्ट्रॅक्ट शुक्रवारी संपलं होतं आणि जो गावी निघून गेला होता. पाठीला बाळ बांधलेली एक बाई रिकामी बाटली घेऊन आली होती. ती ती बाटली हलवून दाखवत होती, म्हणजे बघा, एकही उरली नाही. नर्सच्या ड्रॉवरमध्ये कुण्या पेशंटने परत केलेली अर्धी बाटली होती, त्यातल्या चौदा गोळ्या मोजून तिने कागदाच्या पुडीत बांधून दिल्या आणि रजिस्टरमध्ये लिहायला जागा नव्हती म्हणून कॅलेंडरच्या मागे लिहून ठेवलं. एचआयव्हीच्या गोळ्या मध्येच बंद झाल्या की व्हायरस परत वाढतो, औषधाला दाद देईनासा होऊ शकतो, अंगावर पिणाऱ्या बाळाला धोका. हे तिथल्या प्रत्येकाला माहीत होतं. त्या खोलीत वाईट हेतूचं कुणीही नव्हतं, आणि मेल पाठवणाराही बहुतेक माझ्यासारखाच नोकरदार असणार.

काम सहा आठवड्यांनी परत सुरू झालं. पण त्यानंतर जे बघितलं ते मला त्या कपाटापेक्षा जास्त लागलं. त्याच देशाच्या आरोग्य मंत्रालयात एका आंतरराष्ट्रीय बैठकीसाठी निवेदन तयार होत होतं, त्यात औषधांच्या पेटंटबद्दल एक वाक्य होतं, अगदी साधं, आणि एका वरिष्ठ अधिकाऱ्यांनी ते पेनने खोडलं. म्हणाले, हे राहू द्या, आपली ऑर्डर अजून यायचीय. कुणाचा फोन आला नव्हता, कुणी धमकी दिली नव्हती, खोलीत एकही परदेशी माणूस नव्हता. आरोग्य मदतीतून दबाव कसा चालतो असं कुणी विचारलं की मी हे सांगतो. झेंडे, फोटो, विमानतळावरचे पेटीवरचे स्टिकर हे सगळं वरवरचं आहे हो, खरं काम त्या खोडलेल्या वाक्यात होतं.

जगाला हे एकदम दिसलं ते २०२५ मध्ये. २० जानेवारीला अमेरिकेची परदेशी मदत ९० दिवस थांबवायचा आदेश निघाला, काही दिवसांत काम थांबवायची पत्रं गेली, मार्चमध्ये परराष्ट्रमंत्री रुबियो यांनी यूएसएडचे, म्हणजे ही मदत वाटणाऱ्या अमेरिकन सरकारी संस्थेचे, ८३ टक्के कार्यक्रम रद्द केल्याचं सांगितलं आणि १ जुलैला १९६१ पासून चाललेली ती संस्था बंदच झाली. दक्षिण आफ्रिकेवर तर फेब्रुवारीत वेगळा आदेश निघाला, राजकीय कारणावरून. तिथे एक शिकण्यासारखी गोष्ट आहे. दक्षिण आफ्रिकेच्या एचआयव्ही कार्यक्रमात पेपफारचा वाटा साधारण १७ टक्के होता आणि गोळ्या बहुतेक सरकार स्वतःच्या बजेटमधून घ्यायचं, म्हणून गोळ्यांचा पुरवठा एका रात्रीत कोसळला नाही. पण काऊन्सेलर, टेस्टिंग करणारे, घरोघरी जाऊन पेशंट परत आणणारे, डेटावाले, ही सगळी माणसं त्या १७ टक्क्यांतली होती. कपाट उघडं, माणसं गायब. म्हणून टक्केवारी बघून समाधान मानू नका, त्या टक्क्यात नेमकं काय आहे ते बघा.

आणि हे फक्त अमेरिकेचं आहे असं कृपा करून समजू नका. युगांडात २०१४ मध्ये समलैंगिकांविरुद्ध कायदा झाला, अत्यंत अन्यायाचा कायदा, यात मला काही शंका नाही. वर्ल्ड बँकेने निषेध म्हणून ९ कोटी डॉलरचं कर्ज अडवलं, आणि ते कर्ज कशाचं होतं, तर आरोग्यसेवा सुधारायचं, त्यात बाळंतपणाच्या सोयी होत्या. कायदा करणाऱ्या खासदारांचं त्यात काय गेलं? अफगाणिस्तानात ऑगस्ट २०२१ मध्ये तालिबान आल्यावर हजारो दवाखान्यांचा पैसा असाच गोठला, डॉक्टर-नर्सना पगार नाहीत, शेवटी रेडक्रॉसने मोठ्या हॉस्पिटलांचे पगार द्यायला सुरुवात केली. हेतू चांगला असला तरी आरोग्याचा पैसा शिक्षेसाठी वापरला की मार खाणारा माणूस भलताच निघतो, हे माझं ठाम मत आहे आणि यावर मी माझ्याच बाजूच्या लोकांशी वर्षानुवर्षं भांडलोय.

क्युबाचं उदाहरण लोक चांगुलपणाचं म्हणून देतात, आणि १९६३ मध्ये अल्जीरियात पहिली तुकडी गेल्यापासून २०१४ च्या इबोलापर्यंत क्युबन डॉक्टर जिथे कुणी जायला तयार नव्हतं तिथे गेलेत, हे खरंच आहे. पण व्हेनेझुएलाबरोबर डॉक्टरांच्या बदल्यात तेल असा व्यवहार होता, ब्राझीलकडून येणाऱ्या पगारातला मोठा हिस्सा क्युबन सरकारकडे जायचा, आणि अमेरिका २००६ पासून २०१७ पर्यंत याच डॉक्टरांना पळून येण्यासाठी खास प्रवेशाची सोय देत होती. नोव्हेंबर २०१८ मध्ये ब्राझीलमध्ये बोल्सोनारो सत्तेवर येणार म्हटल्यावर क्युबाने तिथून ८ हजारांहून जास्त डॉक्टर परत बोलावले, काही आठवड्यांत. अमेझॉनच्या कडेच्या कितीतरी गावांत तेवढेच डॉक्टर होते. परत तेच बघा, थांबवायचा अधिकार दुसऱ्याकडे.

कोविडमध्ये तर सगळं उघड्यावर आलं. कोव्हॅक्सने, म्हणजे सगळ्या देशांना लस वाटायच्या जागतिक योजनेने, २०२१ अखेर २०० कोटी डोस द्यायचं ठरवलं होतं, निम्मेही गेले नाहीत, कारण श्रीमंत देशांनी आधीच रांगेत पुढे जाऊन करार करून ठेवले होते. ती पोकळी मग ज्याला त्याला भरायची होती. भारताने २० जानेवारी २०२१ पासून भूतान-मालदीवपासून व्हॅक्सिन मैत्री सुरू केली, वसंतात स्वतःकडे लाट आल्यावर निर्यात थांबली, आणि ज्यांनी पहिला डोस दिला होता ते देश दुसऱ्यासाठी ताटकळले. निकाराग्वाने डिसेंबर २०२१ मध्ये तैवानशी संबंध तोडले आणि तीनच दिवसांत चीनच्या सायनोफार्मचे २ लाख डोस तिथे उतरले. पॅराग्वे तैवानला धरून राहिला, त्याला मधल्या दलालांकडून संबंध तोडा मग लस मिळेल असे निरोप आले, चीनने हे नाकारलं, आणि शेवटी भारताकडून कोवॅक्सिन आली. आणि २०२४ मध्ये रॉयटर्सने बाहेर काढलं की अमेरिकन लष्कराने फिलिपिन्समध्ये खोटी अकाउंट्स चालवून चिनी लसीविरुद्ध अविश्वास पसरवला होता, तेही अशा वेळी जेव्हा तिथे सगळ्यात आधी चिनी लसच पोचली होती. लसीकरणात काम केलेल्या माणसाला हे वाचून काय वाटतं ते शब्दांत सांगता येणार नाही. लस चिनी की अमेरिकन हे आईला कळत नाही, तिला एवढंच कळतं की सुईत काहीतरी गडबड आहे असं लोक म्हणतायत.

विश्वास हा शब्द आम्ही ट्रेनिंगमध्ये वापरून वापरून गुळगुळीत केलाय, म्हणून पाकिस्तानातल्या ॲबटाबादचं नीट सांगतो. ओसामा बिन लादेनच्या घरातल्यांचे डीएनए नमुने मिळवायला सीआयएने एका डॉक्टरच्या हातून हेपटायटिस बी ची लसीकरण मोहीम काढली. सुरुवात गरीब वस्तीत केली म्हणजे खरी वाटावी. हेपटायटिस बी ला तीन डोस लागतात. पहिला डोस दिला आणि दुसऱ्यासाठी टीम त्या वस्तीत परत गेलीच नाही, ती त्या घराच्या भागाकडे वळली. जुलै २०११ मध्ये हे छापून आलं. पुढच्या वर्षी वझिरिस्तानात तालिबानने पोलिओ मोहिमेवर बंदी घातली, डिसेंबर २०१२ पासून पोलिओचे डोस पाजणाऱ्या बायकांना गोळ्या घालायला सुरुवात झाली, आणि २०१४ मध्ये पाकिस्तानात पोलिओच्या ३०६ केसेस झाल्या. त्या वर्षी मे महिन्यात व्हाइट हाउसने लेखी सांगितलं की सीआयए लसीकरणाचा असा वापर करणार नाही. तोवर उशीर झाला होता. पोलिओच्या मोहिमेतली बाई दारात उभी राहते ती फक्त एका गोष्टीच्या जोरावर, की घरातली बाई दार उघडेल. ते दारच बंद केलं.

असाच धागा नायजेरियातल्या कानोचा आहे. १९९६ च्या मेंदूज्वराच्या साथीत तिथल्या मुलांवर एका अमेरिकन कंपनीच्या नव्या औषधाची चाचणी झाली होती, मुलं दगावली, खटले चालले. इराक युद्धाच्या वर्षी, २००३ मध्ये, कानोने पोलिओ लस थांबवली. लोकांना ती पाश्चात्त्यांची चाल वाटली. व्हायरस तिथून वीसेक देशांत परत पसरला. तोडगा निघाला तो इंडोनेशियात बनलेली लस मागवून.

मग राजकारण नेहमीच घात करतं का? नाही, आणि हे मी मनापासून सांगतोय. देवी रोग गेला तो शीतयुद्धाच्या ऐन मध्यात. प्रस्ताव १९५८ मध्ये सोव्हिएत युनियनने मांडला, अमेरिका तेव्हा मलेरिया निर्मूलनावर पैसा लावत होती आणि त्यातही कम्युनिझम रोखायचा हिशोब होताच. १९६७ पासून देवीची मोहीम जोरात सुरू झाली, सोव्हिएतांनी शंभर कोटींहून जास्त डोस दिले, मोहिमेचं नेतृत्व अमेरिकन डॉक्टरकडे, आणि १९८० मध्ये रोग संपल्याचं जाहीर झालं. दोघांनाही श्रेय हवं होतं, पण टेबल जागतिक आरोग्य संघटनेचं होतं, आणि एकाने हात काढला तर काम बंद पडेल अशी बांधणी नव्हती. मलेरियाची होती. अमेरिकेचा पैसा आटला आणि १९६९ मध्ये जगभरातून मलेरिया हटवायचं उद्दिष्टच गुंडाळावं लागलं.

आता ते सामायिक टेबलच कमजोर झालंय. जागतिक आरोग्य संघटनेच्या बजेटमध्ये देशांची ठरलेली वर्गणी कित्येक वर्षं पाचव्या हिश्श्याहून कमी होती, बाकी पैसा देणारा सांगेल त्या कामासाठी. अमेरिका तर बाहेरच पडली. आणि नवी पद्धत आलीय थेट दोन देशांच्या करारांची. डिसेंबर २०२५ मध्ये केनियाने अमेरिकेशी असा करार केला, पाच वर्षांत १.६ अब्ज डॉलरपर्यंत, केनियानेही स्वतःचा आरोग्यावरचा खर्च वाढवायचा. स्वतःचा खर्च वाढवायची अट मला आवडते, खरं सांगतो. अडचण आहे ती आरोग्याचा डेटा देण्याच्या कलमाची. लोक कोर्टात गेले आणि तिथल्या हायकोर्टाने तेवढा भाग थांबवला. इथे इंडोनेशियाची आठवण येते, २००७ मध्ये त्यांनी बर्ड फ्लूचे नमुने द्यायचं थांबवलं होतं, कारण त्यांच्या नमुन्यांवरून बनलेली लस त्यांनाच परवडणार नव्हती. जगभर ओरड झाली, पण त्या अडवणुकीतूनच २०११ मध्ये नमुने आणि त्याचे फायदे वाटून घ्यायची चौकट तयार झाली. म्हणजे गरीब देशाच्या हातातही काहीतरी असतं. पूर्वी ते यूएनमधलं मत होतं, आता नमुने, डेटा, खनिजं.

आता दुसरा भाग, नाकारावी का. ज्याच्या कपाटात गोळ्याच नाहीत त्याला मी नाही म्हणा असं सांगणार नाही, माझ्याने ते होणारही नाही. घ्या, पण ब्राझीलसारखं, म्हणजे उद्या नाही म्हणायची वेळ आली तर म्हणता येईल अशा बेताने. आफ्रिकी देशांनी २००१ मध्ये अबुजात ठरवलं होतं की बजेटचे १५ टक्के आरोग्यावर खर्च करू, बहुतेकांना ते जमलं नाही, काहींच्या डोक्यावर कर्जाचे हप्ते आहेत आणि काहींची नुसती इच्छा नव्हती, दोन्ही खरं आहे. पण सगळं एकदम जमत नसेल तर क्रम तरी लावा. मी जिथे जिथे सल्ला देतो तिथे सांगतो, आधी पगार आपल्या बजेटमध्ये घ्या, मग रोज लागणाऱ्या गोळ्या, आणि इमारती, गाड्या, ट्रेनिंग, कॉन्फरन्स हे खुशाल डोनरकडून घ्या, ते थांबलं तर त्या दिवशी कुणी मरत नाही. गंमत म्हणजे बहुतेक करार याच्या बरोबर उलटे असतात, कारण इमारतीचं उद्घाटन मंत्र्याला हवं असतं आणि पगाराचा बोजा नको असतो. डोनरचं वेगळं रजिस्टर घेऊ नका. मी एका नर्सला एकाच पेशंटची नोंद तीन डोनरच्या तीन वह्यांत करताना बघितलंय, आणि पेशंट तोवर उभाच.

आणि करारात थांबवण्याचं कलम शोधा, ते शेवटच्या पानांवर असतं, कुणी वाचत नाही. माझा आग्रह असतो तो निदान सहा महिन्यांच्या नोटिशीचा, आणि थांबवलं तरी देशात पोचलेला साठा त्या क्षणापासून मंत्रालयाच्या मालकीचा, वाटायला कुणाची परवानगी लागणार नाही, हे स्पष्ट लिहून घ्यायचा. दोनदा हे वाक्य घालून घेण्यात यश आलंय. दोन्ही वेळेला समोरच्यांनी फारशी खळखळ केली नाही, आजवर कुणी मागितलंच नव्हतं म्हणाले.